रिकाम्या गावाचे चार फोटो

काशीराम कोयंडे माझा मित्र होता, असं मी आता चारचौघांत म्हणत नाही. म्हटलं की पुढचा प्रश्न येतो, आणि त्याचं उत्तर माझ्यापाशी असलं तरी ते देण्यासारखं नाही. मालवणच्या बाजारात माझा फोटो स्टुडिओ आहे. बाबली फोटोवाला कुठे बसतो म्हणून विचारलंत तर कोणीही दाखवील. लग्नं, मुंजी, ओळखपत्रं, गेलेल्या माणसांचे भिंतीवर लावायचे मोठे फोटो, हे माझं काम. आहे त्यापेक्षा माणूस थोडा बरा दिसला पाहिजे, एवढंच त्यात बघायचं असतं. काशीरामला नेमकं तेच जमत नव्हतं. तो पेपरात बातम्या द्यायचा आणि जे जसं आहे तसं लिहायचा. म्हणून माझं दुकान चाललं आणि त्याचं बसलं.

तो वेळखोलचा. मालवणपासून चौदा-पंधरा किलोमीटरवर, खाडी समुद्राला मिळते तिथलं गाव. बाप रापणीवर होता, म्हणजे किनाऱ्यावरून साऱ्यांनी मिळून ओढायचं जे लांबलचक जाळं असतं त्याचे दोर ओढण्यात त्याचा जन्म गेला. आई शेवंती डोक्यावर टोपली घेऊन मासे विकायची. थोरला भाऊ बापाच्या जागी दोराला लागला. काशीराम शिकला, बीए झाला आणि लिहिण्याची खाज घेऊन बसला. १९९८ साली कोल्हापूरहून निघणाऱ्या एका दैनिकाने त्याला तालुक्याचा वार्ताहर नेमलं. नेमलं म्हणजे एक ओळखपत्र दिलं, त्यावरचा फोटो मीच काढला. पगार नाही. छापून येईल त्यावर थोडं मानधन, आणि पुढाऱ्यांच्या वाढदिवसाच्या जाहिराती आणल्या तर कमिशन. जाहिराती त्याला कधी मिळाल्या नाहीत. ज्याच्याकडे मागायला जायचं त्याच्याचविरुद्ध आदल्या आठवड्यात बातमी दिलेली असायची.

इतर वार्ताहरांना अपघात, चोऱ्या आणि दौरे पुरत. याला वेड विजेचं. वीज येते कुठून, जाते कुठे, कागदावर किती आणि खांबावर किती. २००१ साली कुठल्याशा योजनेतून वाड्यावाड्यांवर सौरदिवे बसवल्याचं जाहीर झालं. कागदावर चाळीस दिवे होते. हा एसटीने आणि पायी हिंडत महिनाभर दिवे मोजत राहिला. धामापूरच्या तळ्यापासून किनाऱ्याच्या टोकापर्यंत मिळून अकरा सापडले, त्यांतले चार पेटत होते. एका ठिकाणी नुसताच खांब होता आणि त्यावर कोणी जाळं वाळत घातलं होतं. तो फोटो आतल्या पानावर छापून आला, चौकशी झाली. चौकशीचं फळ म्हणून पंधरा दिवसांत त्याच्याच वाडीतला पेटता दिवा दुरुस्तीसाठी काढून नेला, तो काही परत आला नाही. वाडीतली माणसं ठेकेदारावर चिडली नाहीत. काशीरामला पाणंदीत अडवून त्यांनी ऐकवलं, ‘होतो तो दिवोय घालवलस.’ आमच्या माणसांचा न्याय हा असा असतो. मी तेव्हा पोट धरून हसलो होतो.

दुसरं वेड समुद्राचं. ९८ च्या पावसात उधाणाने त्याच्या चुलत्याचे तीन माड नेले. बघायला आलेल्या साहेबांनी ‘नैसर्गिक’ असं लिहिलं आणि शहाळं पिऊन निघून गेले. तेव्हापासून काशीराम मोजायला लागला. रवळनाथाच्या देवळामागे गोड्या पाण्याची विहीर आहे. तिच्या कठड्यापासून भरतीच्या रेषेपर्यंत तो दर अमावास्येला दोरी धरून अंतर मोजायचा आणि वहीत उतरवायचा. अमावास्येला भरती मोठी, आणि आमच्या किनाऱ्यावर ती दुपारच्या आत पूर्ण भरते, म्हणून माप उजेडात घेता येतं. नऊ वर्षांत त्याने एकही अमावास्या चुकवली नाही. लग्न होऊन चार दिवस झाले होते तेव्हाही नाही. त्या दिवशी दोरीचं दुसरं टोक त्याची बायको वर्षाली धरून उभी होती, आणि तिला वाटलं ही कोयंड्यांच्या घरची काहीतरी रीत असेल.

हवामान बदल, तापमानवाढ हे शब्द तोवर आमच्याकडे पोचले नव्हते. तो ते कुठून कुठून वाचून आणायचा. बांगडा उशिरा का येतो, विहिरी मचूळ का होतात, कोळसा कुठे जळतो आणि माड कुठे पडतो, सगळं एकमेकांना जोडून लिहायचा आणि पाकीट एसटीतून कोल्हापूरला धाडायचा. तिकडच्या उपसंपादकाने एकदा फोनवर सांगितलं की कोयंडे, समुद्र काय रोजच असतो, काही घडलं तर कळवा. याने दोन दिवस कुरकुर केली आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा पाकीट धाडलं. घरचं खाऊन लष्करच्या भाकऱ्या भाजणं म्हणतात ते हेच.

त्याची एकच बातमी पेपर आपणहून मागवायचा आणि पहिल्या पानावर नावासकट छापायचा. ती गावपळणीची. वेळखोलात दर तीन वर्षांनी सगळा गाव तीन दिवस गाव सोडून जातो. ढोल वाजतो, मानकऱ्याचा माणूस घरोघर सांगून जातो, चुली विझतात. गुरं, कुत्री, कोंबड्या, आजारी माणसं, तान्ही पोरं, सगळ्यांना घेऊन खाडीपलीकडे, सीमेबाहेर, माडाच्या विणलेल्या झापांच्या खोप्यांत राहायचं. मागे गावात चिटपाखरू ठेवायचं नाही. त्या दिवसांत गाव देवाचा. तीन दिवस झाले की सीमेवरच्या पाषाणाला कळ्या लावून कौल घ्यायचा. उजवीकडची कळी आधी पडली तर घरी जायचं, डावीकडची पडली तर आणखी थांबायचं. शहरातल्या वाचकांना हे फार आवडतं. गाव बुडतोय हे वाचायला त्यांना वेळ नव्हता, गाव रिकामा होतो हे मात्र चहाबरोबर गोड लागायचं.

२००६ च्या अखेरीस वेळखोलात कोळशावर चालणारा वीजप्रकल्प येणार अशी कुणकुण लागली. कंपनी मोठी होती. कोळसा जहाजातून येणार, त्यासाठी जेटी, राखेसाठी तळं, यंत्रं थंड करून झालेलं गरम पाणी परत समुद्रात. काशीरामने आठ वर्षं ज्याची तयारी केली होती ते त्याच्या दारातच येऊन उभं राहिलं. त्याने तीन भागांची लेखमाला लिहिली. पहिला भाग छापून आला, दुसऱ्या दिवशी कंपनीची पानभर जाहिरात आली आणि उरलेले दोन भाग कुठे गेले ते रवळनाथाला ठाऊक.

मग डिसेंबर २००७ ची गावपळण आली. पळणीचा दुसरा दिवस नेमका अमावास्येचा निघाला. आता शहाण्या माणसाने काय करावं? एक माप चुकलं म्हणून समुद्र काही रागावणार नव्हता. पण याला राहवेना. बायकोला झाप आणायला जातो असं सांगून तो सकाळी एका छोट्या होडीतून खाडी ओलांडून रिकाम्या गावात शिरला. वेळखोलचा माणूस पळणीत गावात, हे आजवर कोणी ऐकलेलं नव्हतं. तो विहिरीपाशी पोचला. आणि तिथे माणसं होती. देवळापुढे जीप, वाळूत तीन पायांचं यंत्र, टोप्या घातलेले चौघे. एक जण रवळनाथाच्या पायरीवर बसून डबा खात होता. काशीराम केवड्याच्या आड बसला आणि त्याने चार फोटो काढले. त्याच्या कॅमेऱ्यात फोटोच्या कोपऱ्यात तारीख उमटायची.

पळण संपल्यावर रोल घेऊन तो माझ्याकडे आला. फोटो धुऊन झाल्यावर त्याने मला शपथ घातली की हे कोणाला कळता कामा नये. प्रती त्याने नेल्या, निगेटिव्ह माझ्याकडे ठेवली. मी त्याला वेड्यात काढलं. चार माणसं मोजमाप करताहेत यात बातमी कसली, असं मला वाटलं होतं. त्यालाही नीट ठाऊक नव्हतं.

वर्षभराने पर्यावरणाचा अहवाल आला तेव्हा कळलं. सहाशे पानांचा, इंग्रजीत. सुभद्रा म्हणून कट्टा गावच्या शाळेतली एक शिक्षिका होती, तिच्याकडून मोठा शब्दकोश आणून काशीराम तो पंधरा दिवस वाचत बसला. त्यात म्हटलं होतं की वेळखोल ही हंगामी वस्ती आहे. पाहणीच्या वेळी घरं बंद आढळली, गुरं आढळली नाहीत, मासेमारी आढळली नाही, होड्या वापरात नसाव्यात. किनारा स्थिर आहे. आणि ही पाहणी वेगवेगळ्या ऋतूंत, अनेक भेटींत केली आहे. तारीख मात्र एकही नव्हती. गावातली माणसं आधी हसली आणि मग भडकली. म्हणजे आम्ही नाहीच? हरिश्चंद्र गावकर हे गावचे मुख्य मानकरी, शांत माणूस. ते म्हणाले की हे सगळं पळणीतच झालं असणार. पण कंपनी म्हणत होती की आम्ही वर्षभर येत होतो, तुम्ही घरात नसाल त्याला आम्ही काय करणार. पळणीखेरीज ती माणसं गावात कधीच आली नाहीत, हे सिद्ध कोण करणार? अहवालात देवळाचे, किनाऱ्याचे जे फोटो होते ते आणि काशीरामचे चार फोटो शेजारी शेजारी ठेवले की झालं. तीच जीप, तीच माणसं, त्याच वाळूवर ओढून ठेवलेल्या होड्या, पायरीवर तोच डबा. वर्षभराची पाहणी एका दुपारीत उरकली होती.

पळणीच्या तारखा कंपनीला कोणी सांगितल्या यावर गावात बरीच डोकेफोड झाली. मला विचाराल तर सांगायची गरजच नव्हती. त्या पेपरात पहिल्या पानावर होत्या, काशीराम कोयंडे यांजकडून. हे मी त्याला कधी बोललो नाही. त्याला ते माझ्याआधी कळलं असणार.

फेब्रुवारी २००९ मध्ये जनसुनावणी ठरली. आदल्या दिवशी दुपारी काशीराम स्टुडिओत आला. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. सुनावणी घेणारे सरकारी साहेब निनावी फोटो घेणार नव्हते, कोणी काढले आणि कधी काढले हे उभं राहून सांगणारा माणूस हवा होता. तो स्टुलावर बसला आणि म्हणाला, ‘बाबली, तू सांग, फोटो मी काढलंय म्हणान. तू मालवणचो. तुका पळण लागू नाय.’

खरं होतं. पळण गावच्या माणसांना. मी वेळखोलचा नाही, मी गेलो असतो तर लोकांनी फार तर नाक मुरडलं असतं. फोटो खरे, तारीख खरी, माणसं खरी. फक्त कॅमेऱ्यामागचा माणूस बदलायचा होता. पण त्या सुनावणीचं व्हिडिओ चित्रण करायचं काम मला मिळालं होतं. ते करावंच लागतं, नियम आहे. शिवाय सरकारी ओळखपत्रांच्या फोटोंचं कामही माझ्याकडेच होतं. उद्या साहेबांपुढे कंपनीविरुद्ध उभा राहिलो तर हे सगळं कोण देणार मला? मी म्हटलं, ‘माका ह्यात ओढू नको रे.’ त्याने दुसऱ्यांदा विचारलं नाही. निगेटिव्ह मागितली, खिशात घातली आणि गेला. मला सुटल्यासारखं वाटलं, हे मी लपवत नाही.

सुनावणी वेळखोलच्या शाळेच्या पटांगणात झाली. मांडव, खुर्च्या, बिसलेरीच्या बाटल्या, बंदोबस्त. गाव झाडून आला होता. मी टेबलाच्या बाजूला कॅमेरा लावून उभा होतो. कंपनीच्या माणसाने पडद्यावर हिरवीगार चित्रं दाखवली, मग लोक बोलले. कोणी शिव्या घातल्या, कोणी रडलं, मुंबईहून आलेल्या एका वकिलाने चांगलं भाषण केलं. साहेब प्रत्येकाला पुरावा काय ते विचारत होते आणि पुरावा कोणाकडे नव्हता. तेव्हा काशीराम उठला. त्याने चारही फोटो टेबलावर मांडले, अहवालातली पानं उघडून शेजारी ठेवली, आपल्या मापांची वही ठेवली. साहेबांनी फोटो कोणी काढले म्हणून विचारलं. तो माझ्याकडे बघेल अशी मला भीती वाटली, पण त्याने बघितलं नाही.

‘फोटो मी काढले,’ तो म्हणाला. ‘तारीख खाली आहे. त्या दिवशी मी गावात होतो.’

मी कॅमेरा लोकांकडे वळवला, सवयीने. पुढच्या रांगेत त्याची आई शेवंती बसली होती. ती उठली नाही, ओरडली नाही. तिने बसल्या जागेवरून विचारलं, ‘काशिराम, तू थंय होतस?’ त्याने मान हलवली. तिने पदर तोंडाला लावला. तिच्या शेजारची बाई थोडी सरकून बसली, एवढंच. ते सरकणं माझ्या टेपवर आहे.

फोटोंनी काम केलं. साहेबांना ते बाजूला सारता आले नाहीत, अहवाल परत गेला आणि प्रकल्प अडकला. आणि २००७ नंतर गावात जे जे वाईट घडलं होतं त्या सगळ्याला एका दिवसात बाप मिळाला. कोणाला साप चावला होता, कोणाचा पाडा मेला होता, रापणीला दोन हंगाम मासळी कमी लागली होती. सगळ्याचं कारण एकच, काशीरामने पळण मोडली. मासळी कमी का लागते यावर त्याने दहा वर्षं लिहिलं होतं, ते कोणी वाचलं नव्हतं. हे कारण सोपं होतं. त्याच्या घरचं हळदीकुंकू बंद झालं. रापणीवर भावाला कोणी काही बोललं नाही, पण दोराला हात लावला की बाकीचे गप्प व्हायचे. भावाने वेगळी चूल मांडली आणि आईला आपल्याकडे नेलं. पेपरने काशीरामला पत्र धाडलं की वार्ताहराने बातमी द्यायची असते, बातमी व्हायचं नसतं. ओळखपत्र परत मागवलं. अकरा वर्षांची नोकरी नसलेली नोकरी अशी सुटली.

त्याच वर्षी नारळी पौर्णिमेनंतर खाडीच्या मुखावर एक होडी उलटली. त्यात हरिश्चंद्र गावकरांचा पुतण्या स्वरूप गेला. चोवीस वर्षांचा होता. त्याचा मोठा केलेला फोटो मीच करून दिला. बारावं झाल्यावर गावकरांनी काशीरामला देवळात बोलावलं आणि मलाही नेलं, तुझो दोस्त तुझा ऐकात म्हणून. ते संतापलेले नव्हते, हेच वाईट होतं. संतापलेल्या माणसाशी भांडता येतं. ते म्हणाले, ‘देवासमोर एकदा सांग, मी गावात नव्हतंय म्हणान. बाकीचा आमी बघतंव. गाऱ्हाणा घालूया आणि मिटवूया.’

काशीरामने विचारलं, ‘मगे फोटो कोणी काढले?’

गावकरांनाही कळत होतं. तो गावात नव्हता म्हटलं तर फोटो खोटे, फोटो खोटे तर अहवाल खरा. प्रकरण अजून वरच्या कार्यालयात चाललं होतं, आणि काशीरामने देवळात काय सांगितलं हे कंपनीच्या कानावर जायला दुसरा दिवस लागला नसता. पुतण्या गमावलेला म्हातारा आणि गाव गमावत असलेला माणूस एकमेकांसमोर बसून राहिले. मी खांबाला टेकून उभा होतो. तेव्हा मी तोंड उघडलं असतं, फोटो मी काढले असं म्हटलं असतं, तर दोघेही सुटले असते. पण सुनावणीत गप्प राहिलास तो आता का बोलतोस, असं कोणी विचारलं असतं. आणि देवासमोर खोटं बोलायची मला भीती वाटली. माणसांसमोर गप्प बसायची वाटली नव्हती. काशीराम उठला, देवाला नमस्कार केला आणि घरी गेला.

२०१० च्या पावसाआधी कंपनीने गाशा गुंडाळला. दुसरा किनारा बघितला म्हणे. वेळखोलात गुलाल उधळला. मुंबईच्या वकिलाचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार झाला, दोन पुढाऱ्यांचाही झाला, जे सुनावणीला आलेही नव्हते. एकाने भाषणात ठणकावलं की गाव करी ते राव न करी. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. रवळनाथानेच संकट घालवलं असं ठरलं. काशीरामला बोलावणं नव्हतं. त्या सत्काराचे फोटोही मीच काढले.

डिसेंबरात पुन्हा पळण आली. ढोल वाजला तो काशीरामनेही ऐकला असणार. पण रीत अशी की मानकऱ्याचा माणूस दारात येऊन सांगतो, आणि त्याच्या दारात कोणी आलं नाही. वर्षालीला मात्र पाणवठ्यावर बायकांनी सांगितलं की तू आणि तुझी प्रियांका या, पोरीचा काय दोष. ती त्याला म्हणाली की तुम्हीही मागून या, खोप्यांत जागा होईल. तो म्हणाला, मला कोणी सांगितलेलं नाही. ती सात वर्षांच्या पोरीला घेऊन रडत गेली. सगळा गाव खाडीपार गेला आणि तो आपल्या ओट्यावर बसून राहिला. त्याचा हट्ट होता हे मीही म्हणतो. पण त्याला आत ठेवून गाव रिकामा झाला असं मानणारी माणसं कमी हट्टी होती असं नाही.

तिसऱ्या दिवशी कौल डावा आला. चौथ्या दिवशीही डावाच. पाचव्या दिवशी दुपारी हरिश्चंद्र गावकर कोणाच्या तरी मोटरसायकलवर मागे बसून माझ्या दुकानात आले. खोप्यांत दव पडतंय, तान्ही पोरं खोकताहेत, शेवंती दोन दिवस तापाने फणफणलीय आणि खोपी सोडून दवाखान्यात यायला तयार नाही, असं सगळं त्यांनी सांगितलं. मग म्हणाले, ‘तो भायर येयपर्यंत देव कौल देवचो नाय. आमका आत जावक येणा नाय. तू जा. तुका पळण लागू नाय.’

मी स्कूटर काढली. या खेपेला मी कारण शोधलं नाही.

रिकामा गाव मी पहिल्यांदाच बघत होतो. कुत्रं भुंकत नाही, कोंबडी नाही, चुलीचा धूर नाही. माझ्या स्कूटरचा आवाज मलाच मोठा वाटत होता. काशीराम ओट्यावर होता. दाढी वाढली होती. मला बघून त्याला आश्चर्य वाटलं नाही, कोणी धाडलं एवढंच विचारलं. मी सांगितलं. कौलाचं सांगितलं, पोरांचं सांगितलं, आईच्या तापाचं सांगितलं. आईचं ऐकून तो आत गेला आणि अंगात सदरा घालून बाहेर आला. मग मात्र मला राहवलं नाही. मी म्हटलं की त्या वेळी मी सांगायला हवं होतं, माझं चुकलं, मला क्षमा कर. त्याने माझ्याकडे पाहिलं. राग असता तर बरं झालं असतं.

‘आता ऱ्हवांदे ता,’ तो म्हणाला. ‘आयेक इतक्याच सांग, काशिराम आपणहून गेलो म्हणान.’

त्याने दाराला कडी घातली आणि माझ्या मागे बसला. सीमेवरच्या पाषाणापाशी गावकर आणि चार मानकरी उभे होते. आम्ही जवळून गेलो तेव्हा त्यांनी तोंडं फिरवली नाहीत, पण कोणी हाकही मारली नाही. खाडीपलीकडे खोप्या दिसत होत्या, माणसं वीतभर दिसत होती, त्यांत त्याची पोरगी कुठली ते मला ओळखता आलं नाही. तो त्या बाजूला बघत होता. मी त्याला मालवणात आणलं आणि दुकानामागच्या खोलीत जागा करून दिली. पुढे त्याला कुडाळला एका छापखान्यात मुद्रितं तपासायचं काम मिळालं आणि शाळेचं वर्ष संपल्यावर वर्षाली आणि प्रियांकाही तिकडेच गेल्या. वेळखोलात तो पुन्हा राहायला गेला नाही.

त्याच संध्याकाळी कळी उजवी पडली. ढोल वाजवत, गुरं हाकत सगळा गाव घरी गेला. शेवंती बरी झाली. मी तिला निरोप सांगितला, तेव्हा ती एवढंच म्हणाली, बरं केलंन. त्या दिवशी पळणीत वेळखोलच्या हद्दीत शिरून मी अर्धा तास होतो, सगळ्या गावाला ते ठाऊक आहे, आणि मला आजवर कोणी त्याबद्दल एक शब्द विचारलेला नाही.